अर्धा इंच ढील

तीन महिने ओरडत होती.
सकाळी पाच दहाला किल्ली फिरवली की
आधी बारीक कुंईऽऽ,
मग मान मुरगळलेल्या कोंबड्यासारखं काहीतरी,
आणि पहिल्या गतिरोधकानंतर गप्प.
मी म्हणायचे, थंडी आहे.
नाशकात डिसेंबरात माणसंही अशीच सुरू होतात.

परवा अंबडच्या सिग्नलला काटा लाल रेघेला टेकला.
मागे चौसष्ट डबे,
माझ्या सीटखाली आधण.

मेकॅनिक म्हणाला, सोमवारी बघू.
कुठल्या सोमवारी, ते बोलला नाही.
मग द्वारकेजवळून पट्टा आणला,
पुठ्ठ्याच्या बाहीत घातलेला, कोरा,
हाताला वजनसुद्धा नाही.
"बसवणार कोण?" दुकानदारानं विचारलं.
"चालवतं कोण?" मी विचारलं.
त्यानं सुटे पैसे मोजायला घेतले.

ओम्नीचं काळीज ड्रायव्हरच्या बुडाखाली असतं.
सीट उलटी टाकली.
झाकणावर आठ वर्षं साठलेली:
मोहरी, डब्याचं एक रबर, रुपयाचं नाणं,
आणि तो छोटा पितळी चमचा
ज्याच्यावरून कौतिकबाईंशी मी अबोला धरला होता.
चमचा खिशात टाकला.
त्याचं नंतर बघू. आधी बॅटरीची वायर.

बारा नंबरचा पाना. वरचा बोल्ट दोन हिसक्यांत ढिला.
खालच्यासाठी गोणपाटावर आडवी झाले,
टॉर्च शर्वरीकडे.
ती जिकडे बघेल तिकडे उजेड,
मला हवा तिथे अंधार.
"मावशी, पाल!"
"असू दे. बोल्ट दाखव."

जुना निघाला तो आतून भेगाळलेला,
हिवाळ्यातल्या टाचेसारखा,
एका कडेनं दोरे सुटलेले.
एवढ्याशा वादीच्या जिवावर
इंजिनात पाणी फिरत होतं.
तुटली असती
तर सगळ्यावरच फिरलं असतं.

नवा चढवला: खालची पुली, पंपाची,
मग अल्टरनेटरची, तीच नखरे करणारी.
तो मागे रेटून धरायला पहार हवी.
पहार नव्हती.
लाटणं होतं.

शर्वरी फोनवरून वाचत होती:
अंगठ्यानं दाबला तर पट्टा अर्धा इंच दबावा.
जास्त ताणला तर पंपाचं बेअरिंग खातो,
सैल राहिला तर किंचाळतो.
"कुणाचा अंगठा?"
"ते नाही लिहिलेलं."
तिनं दाबला, जेमतेम हलला.
मी दाबला, पाऊण इंच.
लाटणं अजून थोडं रेटलं, पुन्हा दाबला.
बावीस वर्षं कणीक मळलेल्या अंगठ्याला
कुठे थांबायचं ते कळतं,
सांगता येत नाही.
बोल्ट आवळले. हात आधी रॉकेलनं, मग बेसनानं.

दुसऱ्या दिवशी पाच दहा.
किल्ली.
आवाजच नाही, म्हणजे नुसतं इंजिन,
शहाण्या मुलासारखं.
पाथर्डी फाट्यापर्यंत
मी स्वतःशीच हसत गेले.

साडेनऊला परत आले तर गेटवर खैरनारभाऊ,
हातात कोरडी बादली.
"आज गाडी काढली नाहीत का हो?"
पाचला नळ येतो, साडेपाचला जातो.
अख्खी बिल्डिंग माझ्या पट्ट्यावर उठायची
आणि मला कुणी सांगितलं नव्हतं.
गायधनी काकूंचे दोन पिंप रिकामे.
निकमांचा पोरगा कंपनीच्या बसला चुकला.
माझ्या टाकीतून चार हंडे दिले,
माफी मागू की पेढे मागू कळेना.

आता निघताना एकदा हॉर्न देते.
काकू म्हणतात, हॉर्न दचकवतो गं,
ते जुनंच बरं होतं.
शर्वरी विचारते,
बोल्ट जरासा सैल केला तर?

चमचा कौतिकबाईंच्या डब्यात ठेवला, काही न बोलता.
त्यांनी तो घासून परत दिला, काही न बोलता.

जुना पट्टा मीटरशेजारच्या खिळ्याला टांगलाय.
हात लावला की बोटं काळी होतात.
ओरडत मात्र नाही.